नावाडी एकटा परत येतो

"पण निरोप्या हवाच कशाला? आपण सरळ दाखवूया ना!" वाहिनीकडून आलेली अधिकारी म्हणाली, आणि चहात बुडवलेलं बिस्किट विरघळायच्या आत तिने अगदी वेळेवर तोंडात टाकलं. बोलणं तसं साधंच होतं. टेबलाभोवती बसलेल्या कुणालाही त्यात वावगं वाटलं नाही. लेखिकेला मात्र पाठीमागून कुणीतरी हलकेच ढकलल्यासारखं झालं. तिने चक्क मागे वळून पाहिलं. मागे काचेची भिंत होती, आणि भिंतीपलीकडे माणसं आपापल्या संगणकांत माना घालून बसली होती. "बघा ना मॅम," अधिकारी सांगत होती. वयाने लहान, हुशार आणि मनाने चांगली होती ती. उगाच अडवणूक करणाऱ्यांतली नव्हती. "आपल्याकडे समुद्र आहे, ड्रोन आहे, ग्राफिक्सवाले आहेत. राजपुत्र मरतो ही एवढी मोठी गोष्ट, आणि आपण दाखवणार काय? एक खलाशी येऊन नुसता बोलतोय! लोक रिमोट उचलतील." दिग्दर्शकाने लेखिकेकडे पाहिलं. बोल की काहीतरी, असं त्याच्या भुवया म्हणत होत्या. त्यांची मैत्री जुनी होती. "लिहून बघते," ती शेवटी म्हणाली. "दाखवायचं तर कसं दाखवता येईल, ते लिहून बघते." आणि आपण इतक्या सहज कसं काय कबूल झालो, याचं तिलाच नवल वाटलं.

नाटक ग्रीक, अडीच हजार वर्षांमागचं, फारसं कुणाच्या वाचनात नसलेलं. कॉलेजात असताना ते तिच्या हाती लागलं होतं आणि तेव्हापासून मनातून गेलं नव्हतं. एक राजा समुद्रात वादळात सापडतो आणि जीव वाचावा म्हणून देवाला शब्द देतो: किनाऱ्यावर जो पहिला समोर येईल तो तुझा. पहिला समोर येतो तो त्याचाच मुलगा. राजाला शब्द मोडवत नाही, आणि मुलाला तो मोडू द्यायचा नाही. शेवटी मुलगा नावेत बसून पुन्हा त्याच समुद्रात जातो. वल्हवायला बरोबर एक नावाडी. प्रेक्षकांना यातलं काही दिसत नाही. त्यांच्यासमोर फक्त राजवाड्याचं दार आणि दारात बसलेली राणी. मग नावाडी एकटा परत येतो, झालं ते पहिल्यापासून सांगतो, राणी ऐकते, आणि एक अक्षर न बोलता उठून आत जाते. त्या काळी रीतच होती तशी. मरण आडोशाला, आणि लोकांपुढे फक्त ते पाहून आलेला माणूस, निरोप्या. हे सगळं टेलिव्हिजनवर आणायचं खूळ तिच्याच डोक्यातलं. आयुष्यभर तिने मालिका लिहिल्या होत्या. स्मृती गेलेल्या सुना, इस्टेटीवर डोळा ठेवून असलेले दीर, दाराआड उभं राहून सगळ्यांचं सगळं ऐकणाऱ्या नणंदा. एका मालिकेत तर तिने एकाच नायकाला दोनदा मारून दोनदा परत आणलं होतं, आणि दुसऱ्यांदा तो परत आला तेव्हा लोकांनी त्याचं स्वागत पहिल्यापेक्षा जोरात केलं होतं. त्या कामाची तिला लाज वाटत नसे. त्यावर घर चाललं होतं, आईच्या दोन्ही गुडघ्यांची ऑपरेशनं झाली होती. पण हे काम तिने मागून घेतलं होतं. चार भागांची छोटी मालिका. दिग्दर्शक तिच्यासाठी वाहिनीच्या दारात चपला झिजवून आला होता. आणि आता पहिल्याच बैठकीत नाटकाचा जीव जिथे होता तिथेच कुणीतरी बोट ठेवलं होतं, तेही किती सहजपणे, हसतमुखाने.

घरी जाताना तिने मुद्दाम एक थांबा आधी उतरून चालायचं ठरवलं. दुकानांच्या पाट्या, फुटपाथवर मांडलेल्या प्लास्टिकच्या बादल्या, सिग्नलला उभा राहून फोनवर भांडणारा माणूस, सगळं नेहमीचंच होतं आणि सगळं जरासं लांब सरकल्यासारखं दिसत होतं. दाखवूया ना. तिचा भाऊ, तिचा दादा, डोंगरात गेला तेव्हा ती सहावीत होती. डोंगरात गेला, असंच घरात म्हणत. मेला हा शब्द त्याच्यासाठी कुणी वापरलेला तिला आठवत नाही. दादा आणि त्याचा मित्र कडे चढायला जात. सुट्टी लागली की जिन्यात दोरांची वेटोळी पडत, आणि त्यांत पाय अडकून बाबा एकदा पडता पडता वाचले होते. त्या दुपारी दोघांतला मित्र तेवढा आला. दार तिनेच उघडलं. त्याचे ओठ फुटलेले होते, आणि तो तिच्याकडे बघतच नव्हता, तिच्या डोक्यावरून आत कुठेतरी बघत होता. आई मागच्या खोलीत मटार सोलत बसली होती. तो आत गेला, दार लोटलं गेलं. बाबा ऑफिसात. ती बाहेर उभी राहिली. भिंतीपलीकडचा रेडिओ ऐकू यावा तसा त्याचा आवाज येत होता. चढ कळत होता, उतार कळत होता, शब्द एकही कळत नव्हता. मध्येच आवाज थांबायचा, आणि तिला वाटायचं, संपलं. मग पुन्हा सुरू व्हायचा. खूप वेळाने आई बाहेर आली. "तू जेवून घे," ती म्हणाली. एवढंच. संध्याकाळी बाबांना, नातेवाइकांना, शेजारच्यांना आईने एकच सांगितलं: दोर तुटला, पडला, लगेच गेला. त्या तीन वाक्यांवर तिने पुढे कधी चौथं चढवलं नाही.

मग ते चौथं वाक्य लेखिकेनेच शोधायला घेतलं. सुरुवातीला अंथरुणात, पांघरूण डोक्यावर ओढून. दादा पडतो. कधी तो पाखरासारखा हात पसरून पडतो, कधी दगडासारखा. कधी त्याला झाडाची फांदी मिळते आणि फांदी मोडते. कधी तो पडतच नाही, धुक्यात वाट चुकतो आणि दुसऱ्याच गावाला जाऊन राहतो, लग्न करतो, त्याला मुलं होतात. मोठी झाल्यावरही हे सुटलं नाही. भाजी निवडताना, बँकेच्या रांगेत, नवऱ्याशी वेगळं व्हायच्या कागदांवर सही करताना, केव्हाही तो कडा समोर उभा राही आणि दादा नव्याने पडे. मरणं लिहिण्यात तिचा हात धरणारं कुणी नाही असं धंद्यात म्हणत. ते कसब कुठून आलं हे तिने कुणाला सांगितलं नव्हतं. तिला तरी ते कुठे धड माहीत होतं?

म्हणून राजपुत्राचं मरण लिहायला तिला काहीच कष्ट पडले नाहीत. सकाळी ती खिडकीपाशी बसली आणि चहा निवायच्या आत सीन उभा राहिला. करडं पाणी. नावेच्या काठावर ठेवलेला राजपुत्राचा हात. वरून, खूप उंचावरून, एवढ्याशा शेंगेसारखी दिसणारी नाव. मग लाट. मग पाण्याखालून दिसणारा उजेड, आणि त्या उजेडातून सावकाश खाली येणारं अंग. तिने वाचून पाहिलं. चांगलं होतं. वाहिनीवाल्या मुलीच्या डोळ्यांत पाणी येईल इतकं चांगलं. तिने दुसरा लिहिला, तो त्याहून चांगला झाला. तिसरा संपल्यावर तो वाचून बघायला ती थांबली नाही. तिने उठून तोंडावर पाणी मारलं. आरशात एक प्रौढ, जराशी सुजलेली बाई होती, आणि ती बाई आपल्याकडे तक्रार असल्यासारखी बघत होती. काय चुकलं होतं? सगळं दिसत होतं, हेच चुकलं होतं का? तीनही सीनमध्ये राजपुत्र होता, समुद्र होता, उजेड होता. नावाडी कुठल्याच सीनमध्ये नव्हता. नाव वल्हवली कुणी, हे लिहायला ती विसरूनच गेली होती.

दुपारी आई जेवून आपल्या खुर्चीत बसली होती. ऐंशीच्या घरात आलेली, गुडघे नवे आणि बाकी सगळं जुनं, असं ती स्वतःच म्हणायची. लेकीच्या मालिका ती नेमाने बघे आणि नेमाने नावं ठेवी. "चिमे, सकाळपासून टकटक चाललीय तुझी. आता कुणाला मारलंस?" तिने विचारलं. लेखिकेला पन्नाशी उलटली तरी आईच्या तोंडचं चिमे काही सुटलं नव्हतं.

"एका राजपुत्राला."

"परत येणार का तो?"

"नाही गं. हे जुनं नाटक आहे. यात परत येत नाहीत." लेखिका तिच्या पायाशी वेताच्या बुटक्या मोड्यावर बसली आणि काय वाटलं कोण जाणे, तिने अख्खी गोष्ट आईला सांगितली. राजाचा शब्द, मुलगा, नाव. आई पदराच्या टोकाने चष्मा पुसत ऐकत होती. राजाच्या शब्दाशी तिने "मेला!" एवढं म्हटलं. नावाडी परत येऊन राणीला सगळं सांगतो इथवर गोष्ट आली तेव्हा चष्मा पुसणं थांबलं.

"आणि मग त्याचं काय होतं?"

"कुणाचं? राजपुत्र तर–"

"राजपुत्राचं कळलं. त्या नावाड्याचं काय होतं?"

"काही नाही. सांगून झालं की तो जातो. त्याला नावसुद्धा नाही नाटकात."

"जातो कुठे?" आई म्हणाली. "असं सांगून माणूस जातो कुठे?"

बाहेर कुणाच्या तरी गाडीचा भोंगा अडकला होता, तो एका दमात वाजत राहिला आणि मग बंद झाला. आईने चष्मा डोळ्यांवर न चढवता तसाच मांडीवर ठेवला. "तो गेला गेल्या वर्षी," ती म्हणाली. "दादाचा मित्र. त्याच्या बायकोचा फोन आला होता मला. तू कामावर होतीस. आता सांगायला हरकत नाही."

आणि आईने सांगितलं. आवाज चढला नाही की उतरला नाही. वाण्याला सामान सांगावं तशा सपाट आवाजात, मध्ये मध्ये थांबत. दोर तुटला होता, ते खरं होतं. दादा पडला, तेही खरं. पण लगेच गेला नव्हता. खाली एका कपारीत अडकला होता. पाय मोडलेले, हलता येत नव्हतं. मित्र वर, आणि त्या कपारीत उतरायला दोर नाही. आसपास चिटपाखरू नाही. दोघं बोलत राहिले. वरून हा ओरडायचा, खालून तो. दादाने दोराला शिव्या घातल्या, ज्या दुकानातून घेतला त्या दुकानदाराला घातल्या. दोघं हसले म्हणे. मग ऊन कलायला लागलं. दादा म्हणाला, तू जा. उजेड आहे तोवर पलीकडच्या वाटेने उतर आणि माणसं घेऊन ये. हा जाईना. दादाने त्यालाही शिव्या घातल्या. शेवटी दादा म्हणाला, मी शीळ घालत राहतो, ती ऐकत ऐकत तू जा, म्हणजे मी आहे हे तुला कळेल. तो उतरायला लागला. बराच खाली येईपर्यंत शीळ ऐकू येत होती. मग ऐकू येईनाशी झाली. "लांब आलो म्हणून थांबली, की थांबली म्हणून थांबली, हे त्याला कधीच कळलं नाही," आई म्हणाली. "माणसं घेऊन वर पोचला तोवर आपला दादा नव्हता. हे मला सांगितलं त्याने. सांगितलं, आणि म्हणाला, मी सोडून आलो त्याला, काकू."

आईने लेखिकेच्या डोक्यावर हात ठेवला, पण तिचं लक्ष लेकीकडे नव्हतं. ती त्या दुपारीच होती अजून. "उभाच होता गं तो. भिंतीला धरून. पाय असे लटलटत होते. मी म्हटलं, आधी बस. बसल्याशिवाय मी ऐकणार नाही. तेव्हा बसला, आणि बसल्यावर त्याला बोलताच येईना. आधी उभ्याने घडाघडा बोलत होता, घोकून आल्यासारखा. बसला आणि सगळं विसरला. मग जे आठवेल ते सांगत गेला, शेवटचं आधी, आधीचं नंतर. आणि सांगून झाल्यावर मी त्याला म्हटलं, हे तू मला सांगितलंस, आता पुन्हा कुणाला सांगायचं नाही. मी सांगेन काय सांगायचं ते. तुझे बाबा कसे होते तुला ठाऊक आहे. त्यांनी त्या पोराला जगू दिलं नसतं. आणि त्यालाही जगायचं नव्हतंच. बावीस वर्षांचा पोरगा. एक गेला होता, दुसराही घालवायचा का?"

"आणि मला?" लेखिका कशीबशी म्हणाली. "मला का नाही सांगितलंस?"

"तू लहान होतीस."

"मी पन्नाशीची झाले, आई."

आईने विचार केला. खरं उत्तर शोधतेय हे दिसत होतं. "तोवर न सांगायची सवय झाली," ती म्हणाली. आणि थोड्या वेळाने, "मी शब्द दिला होता त्याला."

लेखिकेला राग आला. तो यायलाच हवा होता. इतकी वर्षं, पांघरुणाखाली, रांगांत, कोर्टाच्या बाकड्यावर, तिने दादाला पुन्हा पुन्हा पाडलं होतं, आणि आईजवळ त्याची शीळ होती. हे तिचंही होतं ना? तिच्या वाटणीचं आईने दुसऱ्याच्या पोराला देऊन टाकलं होतं. ती उठली, स्वयंपाकघरात जाऊन उगाच कपाटं उघडून बंद करत राहिली. मग हळूहळू, रागाच्याच आतून, तिला आई दिसली. आताची नव्हे. आपल्यापेक्षा खूप तरुण असलेली एक बाई, मांडीत मटारांचं ताट, समोर दाराशी एक हादरलेला मुलगा. आपलं पोर गेल्याचं तिला आत्ता, या क्षणी कळतंय, आणि तरी तिला दिसतंय की समोरच्याचे पाय लटलटतायत. दोन्ही गोष्टी एकाच वेळी एका माणसात मावल्या कशा? लेखिका गॅसच्या ओट्याला टेकून उभी राहिली आणि तिथेच रडली. दादासाठी नाही. कुणासाठी ते तिला सांगता आलं नसतं.

पुढच्या बैठकीत तिने तिन्ही सीन टेबलावर ठेवले. अधिकारी मुलीने ते वाचले आणि खरोखरच तिचे डोळे भरून आले. "मॅम, हे तर अप्रतिम आहे!" लेखिका म्हणाली, "हो. पण यातला एकही घ्यायचा नाही." मग तिने समजावून सांगायचा प्रयत्न केला. तो फसला. दिग्दर्शकाने मदत केली, त्याने आणखीच गुंता झाला. अखेर ती म्हणाली, "हे बघ, मरण बघायला कुणीही येतं. पण ते पाहून आलेला माणूस जेव्हा आईसमोर उभा राहतो, ते मला दाखवायचंय. तुला दाखवायचंच होतं ना? मग हे दाखवू." अधिकारी बराच वेळ पेनाचं टोपण दातांत धरून बसली. तिला वर जाऊन उत्तरं द्यायची होती, तिच्या गळ्याशी प्रेक्षकसंख्येचे आकडे होते. शेवटी तिने तोड काढली. निरोप्या राहील, पण चेहरा ओळखीचा हवा. रोजच्या सातच्या मालिकेतला नायक त्याचं काम करील. दिग्दर्शकाने कपाळाला हात लावला. त्या मुलाला सगळे हिरो म्हणत, तोंडावर कौतुकाने आणि पाठीमागे वेगळ्या सुरात. दिसायला देखणा, स्वभावाने गरीब, पण सलग तीन वाक्यं बोलायची वेळ आली की त्याला घाम फुटे. "वाट लागली," दिग्दर्शक जिन्यात म्हणाला. "चालेल," लेखिका म्हणाली. "बावीस-पंचविशीचा वाटतो तो." मग तिने कडव्यांसारखं चालणारं नावाड्याचं लांबलचक भाषण पुन्हा लिहिलं, आणि त्याच्या आधी राणीच्या तोंडी एकच शब्द घातला: बस. दिग्दर्शकाने तो वाचून मान हलवली. "राणी खलाशाला बस म्हणेल? मूळ नाटकात ती तोंड उघडत नाही. जाणकार फाडून खातील आपल्याला." "खाऊ देत. ही राणी म्हणेल."

शूटिंगच्या दिवशी सेटवर उकाडा होता. राजवाड्याचं दार प्लायवूडचं होतं, रंग अजून ओला, हात लावू नका म्हणून कुणीतरी सगळ्यांना ओरडत होतं. राणीचं काम करणारी नटी मुरलेली होती. ती दारापाशी पायरीवर येऊन बसली आणि तिने कुणाशी बोलणंच बंद केलं. हिरो कोपऱ्यात भिंतीकडे तोंड करून भाषण पाठ म्हणत होता. त्याच्या ओठांवर मेकअपवालीने मीठ सुकल्यासारखे पांढरे चरे काढले होते. लेखिका मॉनिटरसमोर दिग्दर्शकाच्या शेजारी उभी राहिली. आईला आणायचं मनात आलं होतं; आईनेच नको म्हटलं. "मी ऐकलंय ते एकदा," ती म्हणाली होती.

कॅमेरा सुरू झाला. हिरो चालत आला, ठरलेल्या खुणेवर थांबला आणि छाती भरून श्वास घेऊन भाषणाचं पहिलं वाक्य त्याने सुरू केलं. घडाघडा, न अडखळता, शाळेतल्या स्पर्धेत म्हणावं तसं. दिग्दर्शकाने हळूच एक शिवी हासडली. दुसऱ्या वाक्यावर राणीने मान वर केली. तो शब्द भाषणाच्या आधी यायचा होता, पण हिरोने तिला वावच ठेवला नव्हता. तिने त्याच्याकडे पाहिलं, पायांकडे पाहिलं, आणि त्याचं वाक्य मध्येच तोडून, अगदी घरातल्या आवाजात म्हणाली, "बस."

हिरो गडबडला. खुणेवरून हलायचं की नाही, ते त्याला कळेना. मग तो पायरीवर, तिच्यापासून हातभर अंतरावर बसला. बसल्यावर त्याने तोंड उघडलं आणि त्याला काहीच आठवेना. मॉनिटरमध्ये ते स्वच्छ दिसत होतं. सगळं पाठांतर त्याच्या चेहऱ्यावरून पुसलं गेलं होतं. मागून कुणीतरी शब्द सांगायला पुढे झालं. दिग्दर्शकाने मॉनिटरवरची नजर न काढता हात आडवा धरला. नटी वाट बघत होती. तिने त्याच्याकडे रोखून पाहिलं नाही, त्याला घाई केली नाही. ती फक्त ऐकायला बसली होती आणि तिला दुसरं कुठलंही काम नव्हतं.

"मीच वल्हवत होतो," हिरो म्हणाला.

ते वाक्य भाषणाच्या पार शेवटाकडे होतं. ते म्हणून त्याने राणीकडे पाहिलं, जणू आता ती काय करील याची त्याला खरोखरच भीती वाटत होती. तिने काही केलं नाही. ती ऐकत राहिली. मग त्याला आणखी एक तुकडा आठवला, तो मधलाच कुठला तरी, आणि मग एक सुरुवातीचा. लाट, राजपुत्राने झटकलेला हात, परत वळवताना हलकी झालेली नाव. काही वाक्यं लेखिकेची होती, काही त्याने मोडून टाकली होती, एक तर तिने लिहिलेलंच नव्हतं. बोलता बोलता त्याचं नाक वाहू लागलं आणि त्याने ते मनगटाने पुसलं. शेवटी तो थांबला. राणीने उठून आत जायचं होतं. ती उठली नाही. दोघं प्लायवूडच्या दारापुढे नुसती बसून राहिली, आणि दिग्दर्शकाला कट म्हणायचं सुचेपर्यंत बराच वेळ गेला.

सेटवरचे बाकीचे दिवे लागले तसा हिरो धडपडत उठला आणि कुणाची तरी बोलणी खायच्या तयारीने इकडेतिकडे पाहू लागला. लेखिका समोर दिसली तेव्हा तिच्याकडे आला. त्याच्या ओठांवरचे चरे फिसकटले होते. "सॉरी, मॅम. सगळं मागचं पुढं झालं माझं. चुकलंच. पुन्हा घेऊया?"

"नको," ती म्हणाली. "काही चुकलं नाही. असंच सांगतात."